ताऱ्यांची मोजणी करणारं सरकारी खातं नेमकं काय करेल?

परभणी जिल्ह्यातले एक तरुण लेखक कादंबरी लिहीत आहेत. तिच्यात राज्य सरकारचं एक काल्पनिक खातं आहे: तारा मोजणी व नकाशा संचालनालय, मुख्यालय अंबाजोगाई. आकाशातल्या सगळ्या ताऱ्यांचा नकाशा करणं एवढंच खात्याचं काम. त्यांचे प्रश्न असे: हे खातं वाचकाला पटेल का, तिथली माणसं दिवसभर काय करतील, भांडणं कशावरून होतील, आणि नकाशा कधीतरी पुरा होईल का? सोबत दोन प्रकरणं पाठवली आहेत. दुसऱ्या प्रकरणात नवे संचालक ‘नकाशा पूर्ण झाला’ असं जाहीर करतात आणि जुनी रजिस्टरं रद्दीत काढायचा आदेश देतात.

माझं काम तारकास्थितीचं. ताऱ्यांच्या जागा मोजायच्या आणि निरनिराळ्या काळातल्या मोजण्या एकमेकींशी ताडून पाहायच्या. वडील मोजणी खात्यात भूकरमापक होते, त्यामुळे टिपण (शेताच्या मोजणीची मूळ नोंद), गट नकाशा, हद्दीवरची भांडणं हे सगळं लहानपणापासून कानावर पडलेलं. म्हणून दोन्ही बाजूंनी लिहितो.

आधी पटण्याबद्दल. असं खातं प्रत्यक्षात होऊन गेलं आहे, आणि तेही मराठवाडा ज्या राज्यात होता त्याच राज्यात. नवाब जफर जंग यांनी 1901 मध्ये हैदराबादेत स्वतःची वेधशाळा उभारली. 1908 मध्ये ती सरकारकडे आली आणि निजामिया वेधशाळा म्हणून चालू लागली. त्या काळात जगभर एक प्रचंड मोजणी सुरू होती. 1887 मध्ये पॅरिसच्या परिषदेत ठरलं होतं की सगळ्या आकाशाचे फोटो काचेच्या प्लेटांवर घ्यायचे, अकराव्या प्रतीपर्यंतच्या (प्रत म्हणजे तेजाची पायरी, आकडा मोठा तितका तारा मंद) ताऱ्यांच्या जागा मोजून छापायच्या, आणि त्यासाठी आकाशाचे आडवे पट्टे पाडून ते वेधशाळांना वाटून द्यायचे. दक्षिणेचा 17 ते 23 अंशांचा पट्टा चिलीतल्या सांतियागोच्या वाट्याला होता. त्यांच्याकडून तो झाला नाही, तो हैदराबादने घेतला. पुढे जर्मनीतल्या पॉट्सडॅमकडे असलेल्या उत्तरेच्या 36 ते 39 अंशांच्या पट्ट्याचं कामही हैदराबादकडे आलं. चॅटवुड, पोकॉक, मग टी. पी. भास्करन अशा संचालकांच्या हाताखाली हे काम वर्षानुवर्षं चाललं आणि त्याचे खंड छापले गेले.

विचार करा, औरंगाबाद, बीड, परभणी, नांदेड, उस्मानाबादचे शेतकरी ज्या सरकारला सारा भरत होते, त्याच सरकारच्या वेधशाळेत माणसं बसून अनुराधा नक्षत्राच्या आसपासचे तारे मोजत होती. अनुराधेचा मुख्य तारा दक्षिण क्रांती (क्रांती म्हणजे आकाशातले अक्षांश) साडेबावीस अंशांवर आहे, म्हणजे बरोबर या पट्ट्यात. तुम्हाला खातं आभाळातून पाडायची गरजच नाही. 1956 मध्ये राज्य पुनर्रचना झाली, मराठवाडा मुंबई राज्यात आला, आणि जमिनीची दफ्तरं जिल्ह्याजिल्ह्यांबरोबर इकडे आली. त्या वाटणीत मोजलेल्या काचेच्या प्लेटांचाही एक हिस्सा मराठवाड्याच्या वाट्याला आला, एवढी एकच गोष्ट कल्पनेने घाला. खासरा पाहणीच्या गठ्ठ्यांबरोबर पेंढ्यात गुंडाळलेल्या काचांच्या पेट्या अंबाजोगाईला उतरल्या. पुढचं सगळं खातं त्यातून आपोआप उभं राहतं, आणि वाचक एकदाही ‘हे कसं शक्य आहे’ असं म्हणणार नाही.

आजच्या काळातही सरकार हे काम अजिबात करत नाही असं नाही. कोलकात्याला हवामान खात्याच्या अखत्यारीत खगोलस्थितीचं एक केंद्र आहे. राष्ट्रीय पंचांग तेच काढतं. मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखालच्या पंचांग सुधारणा समितीच्या कामातून ही परंपरा आली. शिवाय आज अनेक उपग्रहांना आपलं तोंड कुठल्या दिशेला आहे हे ताऱ्यांकडे पाहून कळतं, त्यासाठी त्यांच्या स्मृतीत ताऱ्यांची यादी भरलेली असते. तेव्हा अर्थ खात्याने ‘याचा उपयोग काय’ असा शेरा मारला, तर तुमच्या संचालकांकडे उत्तर आहे.

आता रोजचं काम. तुमच्या पहिल्या प्रकरणात सगळे कर्मचारी रात्री दुर्बिणीशी आहेत. तसं नसतं. रात्री दोन-तीन माणसं पुरतात. खरं खातं दिवसा चालतं, खोलीत, टेबलावर.

एक प्लेट जवळून पाहू. साधारण सोळा सेंटिमीटर लांबी-रुंदीची काच. तिच्यावर आकाशाचा दोन अंश बाय दोन अंशांचा तुकडा. प्रमाण असं ठरवलेलं की एका मिलिमीटरला एक कला, म्हणजे अंशाचा साठावा भाग. तारे काळे ठिपके, कारण ही निगेटिव्ह. त्या ठिपक्यांवरून पाच-पाच मिलिमीटरवर उभ्या-आडव्या बारीक रेघांची जाळी गेलेली, तीही त्याच प्लेटवर फोटोनेच उमटवलेली. पुढे काच धुताना किंवा वाळताना वरचा थर किंचित ताणला गेला, तर जाळीही त्याबरोबर ताणली जाते आणि चूक पकडता येते. मोजणारा सूक्ष्मदर्शकाला डोळा लावून ठिपका जवळच्या रेघेपासून किती लांब आहे ते वाचतो, मिलिमीटरच्या हजाराव्या भागापर्यंत. लिहिणारा ते रजिस्टरात उतरवून घेतो. ठिपक्याचा आकारही टिपायचा, कारण त्यावरून तारा किती तेजस्वी ते ठरतं. अशी प्लेट संपली की ती उलटी फिरवायची, वरची बाजू खाली, आणि पुन्हा पहिल्यापासून सगळे तारे मोजायचे. कारण प्रत्येकाच्या डोळ्याला एक खोड असते. कोणी ठिपक्याचा मध्य जरा डावीकडे धरतो, कोणी उजवीकडे. प्लेट फिरवली की खोडही उलटते आणि सरासरी काढताना निघून जाते. एका प्लेटवर शेकडो तारे, आणि अशा हजारो प्लेटा. रोममध्ये व्हॅटिकनच्या वेधशाळेत हे काम ख्रिस्ती जोगिणींनी (नन्सनी) केलं. तुमच्या कादंबरीत ते बायकांच्या हाती द्या, अंबाजोगाईच्या शाळेत गणित शिकून आलेल्या. ‘गणक’ असं पदनाम ठेवा.

मोजलेले आकडे हे नुसते काचेवरचे आकडे. त्यांची आकाशातली जागा काढायला प्रत्येक प्लेटवर काही तारे असे लागतात की ज्यांची जागा आधीच पक्की ठाऊक आहे. हद्दीचे जुने दगड सापडल्याशिवाय भूकरमापक गटाची मोजणी सुरू करत नाही, तसंच हे. आधारतारे चुकले की त्यांच्यावर टेकलेली अख्खी प्लेट सरकते. म्हणून प्लेटा अशा घेतात की एकीचा कोपरा दुसरीच्या मध्यावर यावा. प्रत्येक तारा निदान दोन प्लेटांवर येतो, आणि दोन्हींनी एकच उत्तर दिलं नाही तर कुठेतरी घोळ आहे हे तिथल्या तिथे कळतं. तुमच्या भांडणांपैकी पहिलं इथे सापडेल. दोन शेजारच्या पट्ट्यांची कार्यालयं वेगळी असली, तर हद्दीवरच्या ताऱ्याची खरी जागा कोणाची?

पण तुमच्या कादंबरीचा गाभा याच्याही पुढे आहे, आणि तो मी एका ताऱ्यावरून सांगतो. तो तारा स्वाती.

मे महिन्याच्या मध्याला रात्री अकराच्या सुमारास नांदेड-परभणीत अंगणात बाजेवर उताणं पडा. अगदी डोक्यावर जो नारिंगी, ठसठशीत तारा दिसतो तो स्वाती. त्याची क्रांती सध्या उत्तर 19 अंश आणि तीन-एक कला आहे, आणि नांदेडचे अक्षांश साधारण 19 अंश 9 कला. म्हणजे स्वाती जिथे बरोबर माथ्यावर येतो ती जागा नांदेड शहरापासून दहा-बारा किलोमीटर दक्षिणेला पडते. मोजणी करणाऱ्याला माथ्यावरचा तारा फार मोलाचा. क्षितिजाकडच्या ताऱ्याचा किरण हवेतून येताना वाकतो आणि तारा आहे त्याहून वर दिसतो. माथ्यावर हा दोष जवळजवळ शून्य. मराठवाड्यात खातं काढायचं तर स्वाती हा त्याचा घरचा तारा.

आता गंमत पाहा. शंभरेक वर्षांपूर्वी हाच स्वाती औंढा नागनाथच्या आसपास माथ्यावर येत होता. त्याची माथ्यावरची जागा दरवर्षी सुमारे 570 मीटर दक्षिणेला सरकते. हा हिशेब मी इथेच, क्रांती वर्षाला साधारण 18.6 विकला (विकला म्हणजे कलेचा साठावा भाग) घटते यावरून केला आहे. सव्वाशे वर्षांच्या आसपास ती लातूरला पोहोचेल. पण या 570 मीटरमध्ये दोन वेगळ्या गोष्टी मिसळल्या आहेत. सुमारे 510 मीटर पृथ्वीमुळे आहेत. पृथ्वीचा अक्ष सुमारे 26 हजार वर्षांत एक फेरी घेत डुलतो, त्यामुळे आकाशावर आपण आखलेली अंशांची जाळीच सरकते. यालाच अयनचलन म्हणतात. उरलेले साठ मीटर स्वातीचे स्वतःचे. तो खरोखरच इतर ताऱ्यांमधून वाट काढत चालला आहे. ही त्याची निजगती, वर्षाला सव्वादोन विकलांहून थोडी जास्त.

मोजणी खात्याच्या भाषेत सांगायचं तर इथे शेतही सरकतंय आणि नकाशाच्या कागदावरची जाळीही सरकतेय. म्हणून ताऱ्याच्या जागेपुढे साल लिहिलेलं नसेल, तर त्या आकड्याला काहीही किंमत नाही. आमच्या धंद्यात ‘1950 ची जागा’, ‘2000 ची जागा’ असंच बोलतात. अयनचलनाचा हिशेब कागदावर करता येतो, तो सगळ्या ताऱ्यांना एकच नियम लावून वजा होतो. निजगतीचं तसं नाही. ती प्रत्येक ताऱ्याची वेगळी, आणि ती काढायला एकच उपाय: कोणीतरी खूप आधी तो तारा मोजून ठेवलेला असला पाहिजे. एडमंड हॅली यांनी 1718 मध्ये दाखवून दिलं की स्वाती, व्याध आणि रोहिणी हे तारे ग्रीकांच्या जुन्या यादीतल्या जागांवरून हललेले आहेत. स्वाती तर तेवढ्या काळात चंद्राच्या बिंबाच्या दुपटीहून जास्त सरकला होता. हॅलींकडे बरी दुर्बीण होती हे खरं, पण शोध लागला तो पंधरा-सोळाशे वर्षांहून जुन्या नोंदी कोणीतरी नकलून नकलून जपल्या होत्या म्हणून.

आपल्याकडचा शेतकरीसुद्धा हे सरकणं भोगतो, त्याला फक्त ते कळत नाही. पंचांगातली सूर्याची नक्षत्रं ताऱ्यांना बांधलेली, आणि पाऊस ऋतूला बांधलेला. दोन्हींमध्ये सुमारे 71 वर्षांत एक दिवसाचा फरक पडत जातो. ‘मिरग आता पहिल्यासारखा बरसत नाही’ या तक्रारीमागे हवामानाची कारणं मोठी आहेतच, पण मृगाची तारीखही हळूहळू पुढे जातेय, हे तुमच्या एखाद्या गणकाच्या तोंडी घालता येईल.

यावरून नकाशा पुरा होईल का याचं उत्तर निघतंच. होणार नाही, आणि त्यात खात्याची नामुष्की काही नाही. युरोपच्या गाया या दुर्बिणीने, जी डिसेंबर 2013 मध्ये सोडली आणि जिचं निरीक्षण जानेवारी 2025 मध्ये थांबलं, 180 कोटींहून जास्त ताऱ्यांची नोंद प्रसिद्ध केली आहे. आकडा अफाट आहे, तरी आपल्या आकाशगंगेतल्या ताऱ्यांचा तो जेमतेम एक-दोन टक्के. आणि त्या ताऱ्यांच्या जागाही दर वर्षाने शिळ्या होत जातात. निजगतीत जी बारीक चूक राहिली असेल ती सालागणिक वाढत जाते, म्हणून काही दशकांनी पुन्हा मोजावंच लागणार.

आता तुमचे संचालक आणि त्यांची रद्दी. 1989 ते 1993 या काळात हिप्पार्कस उपग्रहाने तारे मोजले. त्याच उपग्रहावरच्या दुसऱ्या उपकरणाच्या नोंदींवरून 2000 साली 25 लाख ताऱ्यांची टायको-2 ही यादी निघाली. उपग्रह जेमतेम साडेतीन वर्षं चालला, एवढ्या थोड्या काळात लाखो ताऱ्यांच्या गती नीट कशा काढणार? तेव्हा 1887 साली ठरलेल्या त्या जुन्या मोजणीचे छापील खंड बाहेर काढले. सगळे आकडे संगणकात भरले, आधारताऱ्यांच्या नव्या जागा वापरून प्लेटा पुन्हा जुळवल्या, आणि उपग्रहाच्या जागांमधून त्या वजा केल्या. मधल्या सत्तर ते नव्वद वर्षांत तारा किती हलला ते हाती आलं. हैदराबादच्या पट्ट्यातल्या ताऱ्यांसाठी हैदराबादचे आकडे वापरले गेले. ज्यांनी ते मोजले त्यांच्यापैकी बहुतेक तोवर हयातही नसतील. त्यांच्या मोजणीची अचूकता उपग्रहापुढे अगदीच कमी होती, पण 1920 च्या आसपास तो तारा कुठे होता हे उपग्रहाला कधीच सांगता येणार नव्हतं. आजची मोजणी उद्या आणखी चांगल्या यंत्राने करता येते. गेलेल्या सालची मोजणी पुन्हा करता येत नाही, कितीही पैसे ओतले तरी.

तेव्हा तुमचं दुसरं प्रकरण ठेवा, पण वाचकाला त्या आदेशाचं गांभीर्य कळू द्या. संचालक दुष्ट असायची गरज नाही. नवा नकाशा जुन्याहून शंभरपट अचूक आहे, कपाटं कमी पडताहेत, महालेखाकारांचा आक्षेप आलाय. शहाणा वाटणारा माणूस शहाणपणाच्या कारणांनीच तो आदेश काढेल. मोजणी कार्यालयात जुनं टिपण हरवलं की काय होतं ते आपल्याकडे प्रत्येक गावाला माहीत आहे.

भांडणांसाठी आणखी एक खरी हकिकत देतो, कारण ती सेवापुस्तकाशी निगडित आहे. ग्रिनिचच्या वेधशाळेत तारा याम्योत्तर वृत्त (डोक्यावरून जाणारी दक्षिणोत्तर रेघ) ओलांडतो तो क्षण घड्याळाच्या ठोक्यावर टिपायचे. प्रमुख नेव्हिल मॅस्केलिन यांच्या लक्षात आलं की त्यांचे सहायक डेव्हिड किनेब्रुक यांच्या नोंदी त्यांच्यापेक्षा सुमारे 0.8 सेकंदाने उशिराच्या येतात. समज देऊनही फरक पडेना, तेव्हा 1796 मध्ये किनेब्रुकना कामावरून काढलं. पुढे जर्मन ज्योतिर्विद बेसेल यांनी ही नोंद वाचली, दोन-दोन निरीक्षकांना एकाच ताऱ्यावर बसवून पाहिलं, आणि दाखवलं की प्रत्येक माणसाचा असा फरक असतोच. तो निष्काळजीपणा नव्हे. तो मोजायचा आणि वजा करायचा. अंबाजोगाईच्या खात्यात एखाद्या निरीक्षकावर विभागीय चौकशी लागली आहे, कसूर 0.8 सेकंद, आणि चौकशी अधिकाऱ्याला ताऱ्यांतलं काहीच कळत नाही. यावर अख्खं प्रकरण उभं राहील. किनेब्रुकना न्याय मिळाला नाही, तुमच्या माणसाला द्यायचा की नाही ते तुम्ही ठरवा.

जागेबद्दल थोडं. बालाघाटच्या पठारावर अंबाजोगाई हे ठिकाण बरं आहे. जून ते सप्टेंबर निरीक्षण बंद धरा, त्या काळात मोजणी आणि गणित. दिवाळीपासून फेब्रुवारीपर्यंतच्या रात्री सर्वोत्तम. एप्रिल-मेमध्ये आकाश उघडं पण धूळ फार, आणि जमीन रात्री उशिरापर्यंत तापलेली असल्यामुळे तारा दुर्बिणीत थरथरतो. औंढ्याजवळ गुरुत्वीय लहरींची (प्रचंड वस्तुमानाचे तारे आदळले की अवकाशातच उठणाऱ्या तरंगांची) लायगो-इंडिया वेधशाळा मंजूर झाली आहे. ती तारे पाहणार नाही, पण लहर कुठून आली याचा अंदाज ती जगातल्या इतर अशा वेधशाळांबरोबर मिळून देईल आणि मग त्या दिशेला दुर्बिणी वळवून शोधावं लागेल. 17 ऑगस्ट 2017 च्या प्रसिद्ध लहरीच्या वेळी शोधायचा भाग सुमारे 28 चौरस अंशांचा होता. जुना नकाशा हाताशी असला तरच त्यात नवीन ठिपका कुठला ते ओळखता येतं. कादंबरी आजच्या काळात आणणार असाल तर अंबाजोगाई आणि औंढा यांच्यात पत्रव्यवहार दाखवा.

पाथरीचाही उल्लेख करा असं सुचवतो. सोळाव्या शतकाच्या सुरुवातीला ज्ञानराज हे ज्योतिषी पार्थपूरचे, म्हणजे पाथरीचे, आणि गोदाकाठच्या गोलग्रामच्या एका घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या गणिती झाले, त्यातलेच काशीचे कमलाकर. खात्याच्या दर्शनी भागात कोणाची तसबीर लावायची हा वाद तुम्ही लिहिला आहे, त्याला ही नावं जास्त शोभतील.

पालकमंत्र्यांच्या वडिलांचं नाव ताऱ्याला देण्याचा प्रसंग मात्र बदला. ताऱ्यांची अधिकृत नावं आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्रीय संघ ठरवतो. राज्याच्या खात्याला तो अधिकार नाही, आणि पैसे घेऊन प्रमाणपत्र देणाऱ्या कंपन्यांनाही नाही. 2019 मध्ये भारताच्या वाट्याला एका ताऱ्याचं नाव सुचवायची संधी आली, तेव्हा भौतिकशास्त्रज्ञ बिभा चौधरी यांच्यावरून ‘बिभा’ हे नाव मिळालं. मंत्र्यांच्या पत्रावर तुमच्या अवर सचिवांनी ‘प्रस्ताव या कार्यालयाच्या अधिकारकक्षेबाहेरचा असल्याने नस्ती बंद’ एवढंच लिहावं. आणि प्रत्येक प्रकरणाच्या माथ्यावर तुम्ही ताऱ्याची जागा दिली आहे, तिच्यापुढे साल घाला. सध्या ते एकाही ठिकाणी नाही.